दुसरे रीळ

त्सोनाने दाराला कुलूप लावले, किल्ली एप्रनच्या खिशात टाकली आणि पायरी उतरली. तोच अंगणातून शिट्टी वाजली.

"पुन्हा!" दिग्दर्शक मिंकोव ओरडला. "मावशी, झकास झालं. फक्त तेवढा चेहरा! तुम्ही नव्या घरी चाललाय. तिथं नळाला पाणी आहे, दिवे आहेत. जरा हसा की!"

त्सोनाने किल्ली काढली, कुलूप उघडले आणि आत जाऊन दार ओढून घेतले. ही पाचवी खेप होती. आत उभे राहून बघण्यासारखे काही उरले नव्हते. खाटा, माठ, हातमाग, सगळे सामान आदल्या आठवड्यातच ट्रकने गेले होते. भिंतीवर देवाची तसबीर होती तिथे फक्त पांढरा चौकोन राहिला होता.

लोझान अक्रोडाच्या झाडाखाली हातात पटकथेचे बाड घेऊन उभा होता. चित्रपट त्याने लिहिलेला, घर त्याचे आणि दारामागे उभी असलेली बाई त्याची आई. दोल्ना क्रुशा गाव येत्या वसंतात धरणाच्या पाण्याखाली जायचे होते. त्याआधी तिथे चित्रपट उरकायचा म्हणून राजधानी सोफियाहून चाळीस माणसे येऊन राहिली होती. गावातली म्हातारी माणसे रोजावर गावातलीच म्हातारी माणसे होऊन कॅमेऱ्यापुढे उभी राहत होती.

"काय रे लेखका," कुंपणावर रेललेला शेजारचा कांचोकाका म्हणाला, "तुझ्या आईला हसायला शिकवायला राजधानीतनं माणसं आणलीस होय? आम्हाला विचारायचं. तिला हसवायला दोब्रीला फक्त टोपी उलटी घालावी लागायची."

दोब्री म्हणजे लोझानचा बाप. त्याला जाऊन सव्वीस वर्षे झाली होती. कांचोकाकाच्या बोलण्यावर लोझान हसला नाही.

दार किलकिले झाले. त्सोनाने फटीतून हाक मारली.

"लोझान, इकडे ये."

तो गेला. तिने त्याच्या हातातल्या कागदांकडे बोट केले.

"हे तू लिहिलंयस?"

"हो."

"मी हसत हसत जाते असं?"

"म्हातारी हसत जाते असं आहे, आई. ती म्हणजे तू नव्हेस."

"दार तर माझंच आहे."

लोझानने कागदांची सुरळी केली, उलगडली, पुन्हा केली. मागे मिंकोव उजेड जातोय म्हणून कुरकुरत होता. त्सोना मुलाच्या हातांकडे बघत राहिली. मग आवाज खाली आणून तिने विचारले,

"मी नाही हसले तर तुला बोलतील का रे ते?"

लोझानने वळून मिंकोवकडे पाहिले. तिने मान हलवली आणि दार लावून घेतले.

सहाव्या खेपेला त्सोना बाहेर आली, कुलूप लावले, पायरी उतरली आणि सगळ्या अंगणाला ऐकू जाईल अशी हसली. मिंकोवने धावत येऊन तिच्या हाताचे चुंबन घेतले. कांचोकाका कुंपणापासून वळला आणि आपल्या घराकडे चालू लागला.

लोझानने लिहिले होते ते हे नव्हते. निदान आधी तरी नव्हते. तो गावातल्या शाळेत मास्तर होता तेव्हा त्याने एका टपालवाल्याची गोष्ट लिहून सोफियाला पाठवली आणि तिचा चित्रपट झाला. मग त्याला तिकडेच बोलावून घेतले. पुढच्या सात वर्षांत त्याचे आणखी तीन चित्रपट झाले. सरहद्दीवरच्या शिपायांचा, तंबाखूच्या कारखान्याचा आणि एक मुलांचा. वाईट एकही नव्हता आणि कुणी आठवण काढावी असाही एकही नव्हता. धरणाची बातमी आली तेव्हा त्याने बाकीची कामे बाजूला सारली आणि चाळीस दिवसांत दोल्ना क्रुशाची पटकथा लिहिली. तिच्या शेवटी एक म्हातारी दाराला कुलूप लावते आणि पायरीवर बसते. सगळे ट्रकवर चढतात, तिला हाका मारतात. ती उठत नाही. मग फक्त पाणी दिसते.

पटकथा मंजूर करणाऱ्या सरकारी मंडळात सात माणसे होती. अध्यक्षस्थानी कॉम्रेड पांचारोवा असत. सभ्य बाई, आवाज कधी चढायचा नाही. लोझानचे लिखाण त्यांना मनापासून आवडे.

"कॉम्रेड रादोयनोव, हे पाणी कशासाठी येतंय?"

"शेतीसाठी. विजेसाठी."

"म्हणजे लोकांसाठी. मग ही बाई रुसून का बसलीय?"

"ती रुसलेली नाही. ती… तिचं घर आहे ते."

"आम्हाला कळतं हो ते. प्रेक्षकांना कळायचं नाही. तिला थोडा वेळ बसून मग उठता येईल का?"

दुसऱ्या खर्ड्यात म्हातारी उठली. तिसऱ्यात ती बसलीच नाही, फक्त एकदा वळून बघत होती. चौथ्यात वळून बघणेही गेले. पाचव्या वेळी कोणीतरी म्हणाले, आता एवढे झालेच आहे तर ती हसली तर काय हरकत आहे. दर वेळी मागणी इतकी लहान असे की तिच्यासाठी भांडायला उभे राहणे लोझानला लाजिरवाणे वाटे. आणि दर वेळी पांचारोवाबाई त्याला दारापर्यंत सोडायला येत.

चित्रीकरण संपले. मार्च महिन्यात पाणी आले. गावाला जिल्ह्याच्या शहरात दोन नव्या इमारती मिळाल्या आणि त्सोनाला तिसऱ्या मजल्यावर दोन खोल्या. वीस वर्षांच्या आतली थडगी सरकारी खर्चाने हलवली गेली. दोब्रीचे थडगे नियमात बसत नव्हते. त्सोनाने मुलाला पत्र लिहिले. लोझानने अर्ज केला, दोन ठिकाणी स्वतः जाऊन आला, एका ओळखीच्या माणसाला जेवायला घातले. परवानगीचा कागद आला तेव्हा त्या जागेवर नऊ मीटर पाणी होते.

त्या उन्हाळ्यात समुद्रकाठच्या महोत्सवात चित्रपटाला बक्षीस मिळाले. लोझानला मोठे घर मिळाले, टेलिफोन मिळाला आणि नवेच काम मिळाले. दुसऱ्याची पटकथा मंडळात अडकली की स्टुडिओत म्हणायचे, रादोयनोवकडे द्या, तो बसवून देईल. तो बसवून देई. शेवट कसा वळवायचा, कोणाला कधी उठवायचे, हे त्याच्याइतके कोणाला जमत नसे. स्वतःचे असे त्याने त्यानंतर काही लिहिले नाही. आईला तो दर पंधरा दिवसांनी पत्र पाठवी. तिच्या उत्तरात हवापाणी असे, गुडघा असे, शेजारणी असत. चित्रपटाबद्दल कधी चकार शब्द नसे. लोझाननेही विचारले नाही आणि तीन वर्षे तो तिकडे फिरकला नाही.

चौथ्या वर्षी नोव्हेंबरात त्सोना पाय घसरून पडल्याचे कळले, तेव्हा तो शुक्रवारची बस धरून गेला. ती स्वयंपाकघरात उभी होती. फक्त मनगटाला पट्टी होती.

"हात गेला असता तर काय केलं असतंस, आई?"

"दुसरा आहे की," ती म्हणाली. "आणि बरा आलास. उद्या पितरांचा शनिवार आहे."

सकाळी त्याला जाग आली ती गव्हाच्या वासाने. त्सोनाने घुगऱ्या शिजवून पंच्यावर पसरल्या होत्या. त्या कोरड्या झाल्यावर तिने त्यात साखर आणि कुटलेले अक्रोड घातले, मोठ्या वाडग्यात भरल्या आणि वर पांढरा रुमाल बांधला. मग काळा रुमाल डोक्याला बांधून ती दाराशी उभी राहिली.

"कोट घाल. उशीर होतोय."

"धरणावर जायचंय? बस किती वाजता आहे?"

"धरणावर काय आहे?" ती म्हणाली. "पाणी आहे."

ती त्याला चौकातल्या वाचनालयाच्या सभागृहाकडे घेऊन गेली. बाहेर चाळीसेक माणसे जमली होती. बहुतेक बायका, सगळ्या काळ्या रुमालात, प्रत्येकीच्या हातात रुमालाने झाकलेला वाडगा. लोझानला बघून त्या बाजूला झाल्या, काहींनी त्याच्या गालाला हात लावला. कांचोकाका काठी टेकत पुढे आला. तीन वर्षांत तो निम्मा झाला होता. जीभ मात्र होती तशीच होती.

"आलास का लेखका! तुझा सिनेमा दहादा बघितलाय मी. फक्त गोष्ट काय आहे ते तेवढं विचारू नकोस."

आतल्या भिंतीवर चित्रपटाचे भित्तिपत्रक होते आणि शेजारी चौकटीत प्रशस्तिपत्र. जिल्ह्यात सर्वाधिक प्रेक्षक लाभलेला चित्रपट. खाली शिक्का आणि सही. लोझानने ते दोनदा वाचले.

"जिल्ह्याचे साहेब फार खूश असतात आमच्यावर," कांचोकाका म्हणाला. "म्हणतात, असा प्रेक्षक अख्ख्या देशात नाही. सकाळी नऊ वाजता सिनेमाला येतो!"

दिवे मालवले. सगळे मांडीवर वाडगे धरून बसले. पडद्यावर नाव आले, लोझान रादोयनोव, आणि कोणी त्याच्याकडे वळून पाहिले नाही. कारण लगेच मागून दोल्ना क्रुशाची मुख्य वाट दिसू लागली होती.

"आमचं फाटक."

"ते बघ, स्ताम्बोलीच्या घराचा माळा. कबुतरं बघ."

"अगं, शारो! आमचं कुत्रं बसलंय पायरीवर!"

नायिका रडत होती, अभियंता तिला समजावत होता. ते दोघे काय बोलतायत ते ऐकायला कोणी थांबले नव्हते. अभियंता एकदा कॅमेऱ्यासमोर फार वेळ उभा राहिला तेव्हा अंधारातून कांचोकाका ओरडला, "बाजूला हो की रे गाढवा, माझी विहीर झाकतोयस!" आणि सगळे सभागृह हसले. त्सोनाही हसली. अंधारात लोझानने तिच्याकडे पाहिले. मिंकोवला त्या दिवशी हवे होते तसे ते हसू अजिबात नव्हते.

पहिले रीळ संपले. दुसरे सुरू झाले तसे हसणे थांबले. बायकांनी वाडग्यांचे रुमाल सोडले. पिशव्यांतून पिवळ्या मेणबत्त्या निघाल्या. त्या कोणी पेटवल्या नाहीत, नुसत्या हातात धरल्या. मग एकेक करून सगळे उभे राहिले. त्सोनाने लोझानच्या कोपराला हात लावला. तोही उठला.

पडद्यावर अभियंता आणि नायिका कबरस्तानाच्या कडेने चालू लागले. प्रसंग अर्ध्या मिनिटाचा होता. लोझानने तो दोघांना बोलायला जागा हवी म्हणून घातला होता. कॅमेरा त्यांच्या बरोबरीने चालत होता आणि त्यांच्या मागून एकेक क्रूस सरकत होता. सभागृहात हलक्या आवाजात नावे सुरू झाली. एकेक क्रूस येई आणि एकेक आवाज उठे. माझी आई. माझा स्तोयको. माझी लहानी. अभियंता म्हणत होता, इथे होड्या येतील, रंगीत शिडांच्या. ते वाक्य लोझानचे होते. त्याच वेळी अभियंत्याच्या खांद्यामागून एक कललेला लाकडी क्रूस निघाला.

"दोब्री," त्सोना म्हणाली.

क्रूस गेला. पुढे नदी दिसली. यंत्र थांबले, दिवे लागले, पण कोणी बसले नाही. वरच्या खोलीतून रीळ उलटे गुंडाळल्याची घरघर आली. पुन्हा अंधार झाला. पुन्हा अभियंता आला, पुन्हा होड्या, पुन्हा नावे. तिसऱ्या वेळी लोझानच्याही ओठांतून बापाचे नाव निघाले. पण त्याला क्षणभर उशीर झाला, तोवर क्रूस सरकून गेला होता.

दिवे लागले. बायकांनी एकमेकींच्या तळव्यावर घुगऱ्या घातल्या आणि "देव त्यांना क्षमा करो" म्हणत सगळी मंडळी दाराकडे निघाली. त्सोनाने वाडगा झाकला.

"चल."

"अजून तीन रिळं आहेत ना?"

"ती तुझी," ती म्हणाली. आवाजात राग नव्हता. "बसायचं असेल तर बस. मी अंगणात आहे."

तो खुर्चीच्या पाठीला धरून उभा राहिला. सभागृह रिकामे झाले तसा यंत्रावरचा सिमो लोखंडी जिन्याने खाली आला. तोही दोल्ना क्रुशाचाच. लोझान मास्तर असताना तो तिसरीत होता.

"लोझानदादा, बरं झालं भेटलात. मी पत्रच लिहिणार होतो, त्सोनामावशी नको म्हणाली. म्हणाली, त्याला त्रास नको." त्याने खिशातून फितीचा वीतभर तुकडा काढून उजेडासमोर धरला. कडेची भोके फाटलेली होती आणि मधून उभे ओरखडे गेले होते. "हे दुसऱ्या रिळातलं. बाकीची रिळं कशी नवीकोरी आहेत, शेवटचं तर मी एकदाच चालवलं. पण हे वर्षातनं तीन शनिवार, दर खेपेला तीनदा. मध्ये कोणाचं वर्षश्राद्ध असलं की तेही. चिकटवून चिकटवून चालवतोय. फार तर आणखी एक वर्ष. नवी प्रत मागवायची म्हणजे तिकडून सही लागते. तुमच्या शब्दाला तिकडं वजन आहे."

लोझानने तो तुकडा हातात घेतला. बोटाच्या पेराएवढ्या चौकटींत अभियंता होता आणि त्याच्या मागे क्रूस होते, मोहरीएवढे.

गेल्या वर्षी वसंतात पांचारोवाबाईंचा फोन आला होता. चित्रपट परदेशात दाखवायचा आहे. काही विशेष नाही, दुसऱ्या रिळात थोडी काटछाट. इतके क्रूस बघून बाहेरचे लोक भलताच अर्थ काढतील. लेखकाची संमती लागते, नियम आहे. लोझानने स्टुडिओच्या बोळात, खिडकीच्या कठड्यावर कागद ठेवून, उभ्या उभ्या सही केली होती. त्याला वाईटही वाटले नव्हते. होड्यांचा तो संवाद तसा फिकाच आहे, गेला तर बरेच, असे त्याच्या मनात आले होते. मूळ फितीतून तेवढा भाग कापून टाकला गेला. त्यानंतरच्या प्रतींत नायिका आणि अभियंता थेट नदीवर भेटत. जुन्या प्रती परत मागवून घेतल्या होत्या. ही एक तेवढी राहिली होती. या शहरात तिला प्रेक्षक फार, म्हणून कोणीतरी यादीत तिच्यापुढे खूण केली असावी. नवी प्रत मागितली तर ती मिळाली असती, त्यात काही अडचण नव्हती. नवी येताना जुनी परत न्यायचा नियम होता.

"तू अर्ज केला नाहीस ना?" लोझानने विचारले.

"नाही. तुम्ही म्हणाल तेव्हा करतो."

"करू नकोस."

"का हो?"

"मी बघतो," लोझान म्हणाला. सिमो त्याच्या तोंडाकडे बघत होता म्हणून त्याने पुन्हा म्हटले, "मी बघतो म्हटलं ना."

सिमोचा चेहरा उजळला. "मग झालं तर!" तो म्हणाला आणि जिना चढू लागला. अर्ध्यावरून वळून त्याने विचारले, "पुढचं लावू का तुमच्यासाठी?"

लोझानने नको म्हणून मान हलवली, फितीचा तुकडा खिशात ठेवून टोपी घातली आणि तो बाहेर आला.

अंगणात थंड ऊन पडले होते. बायका भिंतीच्या कडेने घोळक्याने उभ्या होत्या. कांचोकाका कठड्यावर बसून रुमालातल्या घुगऱ्या एकेक दाणा करून खात होता. त्सोनाने मुलाला बघितले.

"काय म्हणत होता सिमो?"

"प्रत झिजलीय म्हणतो."

"त्याला सांगितलं होतं, तुला मध्ये पाडू नकोस म्हणून." तिने वाडग्याचा रुमाल नीट केला. "देतील का रे पण?"

बायकांनी माना इकडे वळवल्या होत्या. लोझानने कोटाचे बटण लावले. ते आधीच लावलेले होते.

"देतील," तो म्हणाला.

"देतील म्हणतोय," त्सोनाने मागे वळून सांगितले. तिच्या आवाजात त्याने कधी न ऐकलेला ताठा होता.

"का नाही देणार?" कांचोकाका म्हणाला. "लेखक कोण आहे? आपला लोझान आहे. मास्तर होता तेव्हाच मी म्हटलं होतं, हे पोरगं काहीतरी गावाच्या उपयोगी पडेल."

बायका त्याच्याभोवती आल्या. पहिलीने आपला वाडगा उघडून त्याच्या तळव्यावर चमचाभर घुगऱ्या घातल्या, तिच्या नवऱ्याच्या नावाने. दुसरीने लेकीच्या नावाने घातल्या. तळवा भरला तेव्हा त्याने दुसरा हात खाली लावला. त्या एकामागून एक येत राहिल्या, नाव सांगत, घालत आणि त्याला उदंड आयुष्य मागत. ओंजळ काठोकाठ भरली. दाणे सांडू नयेत म्हणून तो कोपरे अंगाशी दाबून, मान खाली घालून उभा राहिला. नाकावर आलेली टोपी सारायलाही त्याला हात नव्हता.